लाल भुकटी, करडी भुकटी

सकाळी ६

चहा उकळेपर्यंत मी पेटी उघडून बसतो. केडगावातल्या घराचा ओटा सकाळी मोकळा असतो, उजेड चांगला येतो. वायरीच्या दोन मशिनी आहेत: एक साधं हॅमर ड्रिल, एक मोठं रोटरी हॅमर. आधी दोन्हींची वायर पिनपासून मशीनच्या बुडापर्यंत चिमटीतून सरकवत नेतो. बोटाला कुठे कापा लागला, कुठे वायर मऊ लागली, तर ते मशीन त्या दिवशी घरी राहतं. चिकटपट्टी गुंडाळून दिवस ढकलायचा नाही. माझ्या मशिनींवर चौकोनात चौकोन असं चिन्ह आहे, म्हणजे आतून दुहेरी इन्सुलेशन. त्या चिन्हामुळे मी आज हे लिहितोय, ते पुढे येईलच.

मग बिट. वीट-सिमेंटच्या बिटच्या टोकाला कार्बाइडची छोटी पाचर बसवलेली असते. तिची धार गोल झाली की बिट भोक पाडत नाही, भिंत घासत बसतो आणि तापतो. लाकडाच्या बिटला मधोमध सुईसारखं टोक असतं. लोखंडाचा नुसता पीळदार. टाइल्स आणि काचेचा भाल्याच्या पात्यासारखा. सहा, आठ, दहा नंबरचे कप्पे वेगळे.

पेटीच्या झाकणाला आतल्या बाजूने एक आठचा बिट तारेने बांधलेला आहे. टोकाजवळ कुणी दाताने चावा घेतल्यासारखा त्याचा तुकडा गेलाय. तो वापरायचा नाही.

माझ्याबरोबरचा पोरगा साडेसहाला येतो. पाथर्डी तालुक्यातला आहे. आई-वडील दिवाळीनंतर ऊसतोडीला जातात, हा आयटीआय करून नगरला राहिला. रोज आल्या आल्या मी त्याचे हात बघतो. बाह्या कोपरापर्यंत वर, मनगटावर सैल दोरा नको, गळ्यात रुमाल नको. हातमोजे तर नाहीतच. फिरत्या बिटात मोज्याचा एक धागा सापडला की बोट त्याच्यामागे जातं. चष्मा आणि मास्क मात्र हवेतच.

सकाळी ८, सावेडी

नवीन फ्लॅट. ताईंना पाच खिडक्यांना पडद्याचे दांडे लावून हवे होते. एका खिडकीवर त्यांनी आधीच खिळे ठोकून पाहिले होते. खिळे गिलाव्यात बसले, दांडा अडकवला, आणि तिसऱ्या दिवशी बशीएवढा पोपडा घेऊन सगळं खाली आलं. आतला गिलावा अर्धा-पाऊण इंचाचा. तो भिंतीचा सदरा, त्याने वजन कसं पेलावं? स्क्रूची गिट्टी गिलावा ओलांडून विटेत बसली पाहिजे.

मी बिटला चिकटपट्टीचा पट्टा मारतो: गिट्टीची लांबी, अधिक बोटाच्या पेराच्या निम्मी. तेवढंच आत जायचं. पहिले काही सेकंद हॅमर बंद, नुसतं फिरवून घर करायचं, म्हणजे बिट घसरत नाही. मग हॅमर चालू. आणि डोळे भोकाकडे ठेवायचे ते भुकटीसाठी. आधी पांढरट येते, तो गिलावा. मग लाल झाली की वीट लागली, निश्चिंत. करडी आणि जड आली की काँक्रीट. पांढरीशुभ्र, पिठासारखी, हाताला काही जोर न लागता आली तर तो हलका ठोकळा, हल्लीच्या इमारतींत असतो तो. त्यात हॅमर वापरला की भोक वाटीएवढं होतं. नुसतं फिरवायचं आणि गिट्टीही त्याच्यासाठीची वेगळी घ्यायची. आणि भुकटी ओली आली, बिटला चिखल लागला, तर मशीन तिथेच थांबवायचं. जवळपास नळी आहे किंवा कुठून तरी पाणी मुरतंय.

खिडकीच्या वर काँक्रीटचं लिंटेल असतं, त्यामुळे तिथे करडी भुकटी येणारच. तिसऱ्या खिडकीला दीड इंचावर बिट अडला. आवाज बदलला, घरघरीच्या जागी खणखण. सळई. पोराने जोर लावायला खांदा पुढे केला, मी त्याच्या पाठीवर हात ठेवला. सळईवर जोर लावला की बिट तुटतो किंवा मशीन हातात उलटं फिरतं. आणि समजा लोखंडाचा बिट लावून सळई कापलीच, तर खिडकीवरच्या भिंतीचं ओझं जिच्यावर आहे तीच आपण पडद्यासाठी अधू केली. मी असं काम केलेलं पाहिलंय, आणि मला त्याचा राग येतो. दोन बोटं बाजूला सरकलो, दांड्याचा ब्रॅकेट तेवढं झाकतो. जुनं भोक सिमेंटने बुजवलं. बीम आणि कॉलमला तर मी शक्यतो हातच लावत नाही.

निघताना ताईंना विचारलं, वायरिंग चालू असताना भिंतींचे फोटो काढले होते का? नव्हते. घर बांधणाऱ्या प्रत्येकाला मी हे सांगतो. गिलावा चढायच्या आधी एक तास काढा, प्रत्येक भिंतीसमोर उभे राहा, बाजूला मोजपट्टी टेकवा आणि फोटो काढा. झिऱ्या, पाइप, पेट्या, सगळं दिसतं. तो फोटो वीस वर्षं कामाला येतो.

सकाळी १०, गुलमोहर रोड

बाथरूममध्ये गिझर. पंधरा लिटरचा म्हणजे नुसतं पाणीच पंधरा किलो, वर गिझरचं स्वतःचं वजन. पडला तर कुणाच्या तरी डोक्यावर.

आधी टाइल्स बोटांनी ठोकतो. भरीव आवाज आला तर ठीक. बद आवाज आला तर मागे मसाला नाही, तिथे टाइल फुटणार. मग पाण्याची वाट. गिझरचे दोन पॉइंट आणि खालचा मिक्सर यांच्यामध्ये नळ्या उभ्या गेलेल्या असतात. त्या पट्ट्यात भोक नाही. बहुतेक प्लंबर नळ्या सरळ उभ्या-आडव्या नेतात, पण सगळे नेत नाहीत, म्हणून गच्चीवरचा व्हॉल्व्ह कुठे आहे ते मी मशीन लावण्याआधी बघून येतो. कधी चुकलं तर पळायची दिशा माहीत हवी.

टाइलवर चिकटपट्टीची फुली, तिच्यावर खूण, हॅमर बंद, भाल्याचा बिट, मशीन अगदी हळू. पोरगा बाटलीतून थेंब थेंब पाणी सोडतो, पण बिटवर. मशीनकडे ओघळ जाऊ द्यायचा नाही. चकाकीचा थर फोडेपर्यंत घाई करायची नाही. टाइल पार झाली की बिट बदलून विटेत जायचं. यात एक बारकावा आहे, जो शिकायला मला चार टाइल्स मोडाव्या लागल्या: गिट्टी टाइलची जाडी ओलांडून आत ढकलायची. तोंड टाइलमध्ये राहिलं तर स्क्रू आवळताना गिट्टी फुगते आणि टाइलला तडा जातो. काम झाल्यावर, पैसे घेतल्यावर, रात्री कधीतरी तडा जातो.

सकाळी ११:३०, नालेगाव

या कामासाठी मी दिवसाचा मधला मोठा तुकडा मोकळा ठेवला होता. जुना वाडा. खाली घडीव काळ्या दगडाचं जोतं, वर दीड हात जाडीची पांढऱ्या मातीची भिंत, सागवानी खांब, तुळया, माथ्यावर एके काळी धाबं होतं, आता पत्रा. घरात आजी, मुलगा आणि सून. मुलाला मोठा टीव्ही भिंतीवर हवा होता, आजींना आजोबांची तसबीर.

मातीच्या भिंतीला ड्रिल लावलं की काय होतं ते आधी एका कोपऱ्यात पोराला दाखवलं. हॅमर बंद ठेवूनसुद्धा बिट लोण्यात गेल्यासारखा गेला. बाहेर काढला तर मागून माती झिरपत राहिली, वाळूच्या घड्याळासारखी, थांबेचना. सहाचं भोक बघता बघता करंगळीएवढं झालं. यात कुठलीही गिट्टी धरत नाही. कितीही लांब घाला, महागाची घाला, तिला आवळायला भोवती काही कठीण लागतं, आणि इथे ते नाही.

ज्यांनी ही भिंत बांधली त्यांना हे माहीत होतं. म्हणून त्यांनी भिंतीत नंतर भोक पाडायची वेळच येऊ दिली नाही. भिंत चढत असतानाच खुंट्या बसवल्या, हातभर लांबीच्या, चार बोटं बाहेर आणि बाकीच्या आत दाबून. दिव्याला कोनाडा, देवाला देवळी, भांड्यांना फडताळ. त्या वाड्यात ओसरीवर अकरा खुंट्या मी मोजल्या, पागोटं, पिशवी, कंदील यांनी गुळगुळीत झालेल्या. एकीला हात लावून ओढून पाहिलं, जरासुद्धा हलली नाही.

माझे आजोबा सुतार होते. त्यांच्याकडे सामता होता, दोरीने पुढे-मागे फिरवायचा, आणि गिरमिट, ज्याची मूठ दोन्ही हातांनी पिळायची. एका भोकाला बराच वेळ लागे, पण लाकडात गाठ आली, रेषा वळली, तर ते तळव्याला कळे. विजेच्या मशीनमध्ये ते कळणं हरवतं, म्हणून मी घोडा नेहमी अर्धाच दाबतो. वेग कमी ठेवला की हात पुन्हा ऐकू लागतात. वडिलांच्या वेळी पक्क्या भिंतीत छिन्नीने चौकोनी खाच पाडून लाकडी गुटका ठोकत आणि त्यात स्क्रू पिळत. विलायतेत १९११ साली जॉन रॉलिंग्ज नावाच्या माणसाने तागाच्या धाग्यांची छोटी गिट्टी काढली, म्हणजे गुटक्यासाठी भिंत फोडायला नको. आपल्याकडे जुने लोक अजून रावळप्लग म्हणतात ते त्याच्या नावावरून. पुढे १९५८ मध्ये जर्मनीतल्या आर्टुर फिशरने नायलॉनची, दोन पाय फाकवून बसणारी गिट्टी केली. पेटीत डबीभर पडलेली ही क्षुल्लक वस्तू मला फार मोठी वाटते. पण तिचीही मर्यादा मातीच्या भिंतीशी संपते.

आजींची तसबीर सोपी होती. "आजी, ही दाराजवळची खुंटी चालेल का? इथून आजोबा ओसरी बघतील." आजींनी लांबून पाहिलं, जवळून पाहिलं, म्हणाल्या, "त्याच खुंटीला त्यांची टोपी असायची रे बाबा." दोरी बदलून दिली, काम झालं. एकही भोक नाही.

टीव्हीसाठी मुलाशी बराच वेळ बोललो. मातीत मी लावणार नाही, हे सांगितलं. दोन खांबांमध्ये सव्वा चार फूट अंतर होतं. मग सागाची जाड फळी खांबांवर आडवी घेतली, वजन खांबांवर आणि भिंत मोकळी. खांबाला कोरीव काम होतं, ते सोडून खालच्या सपाट भागात चार भोकं. आधी तीनच्या बिटने बारीक वाट करून घेतली, कारण जुना साग वाळून हाडासारखा होतो आणि सरळ स्क्रू पिळला तर चिरतो. स्क्रूला मेण चोळलं, हे आजोबांचं. शेवटचे दोन आटे हाताच्या पेचकसाने. मुलाला पटलं की नाही माहीत नाही, पण त्याने फळीला लोंबकळून पाहिलं आणि हसला.

खालच्या जोत्यात त्यांना नळाची नवी तोटी काढायची होती. ते मी केलं नाही. निजामशाहीत कापूरवाडी, शेंडीच्या बाजूने खापरी नळांनी शहरात पाणी आणलेलं होतं, आणि जुन्या नगरात कुठल्या वाड्याच्या हौदाखाली त्या नळांची शाखा निघेल ते वरून कळत नाही. अंगणात जुना हौद होता. आधी जाणत्या गवंड्याला दाखवा म्हटलं.

दुपारी २

डबा वाड्याच्याच ओट्यावर. बाजरीची भाकरी, शेंगदाण्याची चटणी, कांदा. जेवताना वीज गेली. पोरगा म्हणाला, "मामा, बरं झालं, पुढच्या घरी वीज येईपर्यंत बॅटरीच्या मशीनने उरकून टाकू. वायरमध्ये करंटच नाही."

मी भाकरी खाली ठेवली आणि पेटीचं झाकण उघडलं.

तो तुटका आठचा बिट सतरा वर्षांपूर्वीचा आहे. एका घरी घड्याळ लावायचं होतं, बरोबर स्विचबोर्डाच्या वर. मी मेन बंद केला. शेजारच्या घरातून एक्स्टेन्शन घेतलं, स्टुलावर चढलो. टेस्टर लावला नाही, मेन मीच बंद केला होता ना. बिट आत गेला आणि निळा-पांढरा भडका झाला, डोळ्यांपुढे काही क्षण नुसता पांढरा पडदा. स्टुलावरून मी पडलो ते पलंगावर. घरात इन्व्हर्टर होता. मेन बंद झाला की इन्व्हर्टर आपोआप चालू होतो, आणि त्याची लाइन भिंतीत जिवंतच राहते. मशीन दुहेरी इन्सुलेशनचं होतं, माझा हात चकच्या लोखंडावर नव्हता. घरातल्या काकूंनी पाणी दिलं, त्यांचे हात माझ्यापेक्षा जास्त थरथरत होते. चूक पूर्ण माझी होती.

त्या दिवसापासूनचा क्रम: आधी विचारायचं, "काकू, इन्व्हर्टर कुठे आहे?" तो त्याच्या बटणाने बंद. मग टेस्टर चालू पॉइंटवर लावून तो स्वतः चालतोय ना ते बघायचं, मग मेन बंद, आणि नंतर टेस्टर बंद पॉइंटवर. टेस्टरचा दिवा लागला नाही म्हणजे करंट नाही असं नसतं, टेस्टरच मेलेला असू शकतो. आणि वीज गेलेली असताना तर भिंत सगळ्यात फसवी. टेस्टर काही दाखवत नाही, आपण निर्धास्त, बिट वायरीत, आणि त्याच क्षणी वीज येते. दोनशे तीस व्होल्ट. म्हणून वीज गेली तरी मेन हाताने बंद करायचा.

तरीही बोर्डाच्या सरळ वर, सरळ खाली आणि दोन बोर्डांच्या मधल्या आडव्या रेषेत भोक पाडायचं नाही. सगळं बंद असलं तरी नाही. वायर तुटली तर ती उद्या चालू केल्यावर जळेल. पोराने बिट हातात घेतला, तुटलेल्या जागेवरून अंगठा फिरवला आणि परत तारेत अडकवला. काही बोलला नाही.

दुपारी ३:३०, भिंगार

एसीच्या नळ्यांसाठी अडीच इंचाचं भोक, बाहेरच्या नऊ इंची भिंतीतून आरपार. उन्हाळ्यात हेच काम जास्त. भोक बाहेरच्या बाजूला किंचित उतरतं ठेवायचं, नाहीतर पाणी घरात येतं. पोरगा आधी खाली जाऊन उभा राहिला, कारण शेवटचे दोन इंच विटेचा तुकडा बाहेर उडतो, आणि खाली मुलं क्रिकेट खेळत होती. त्यांना हलवल्यावरच मी सुरू केलं. मोठ्या मशीनला बाजूची मूठ लावलेलीच हवी आणि घोडा चालूच ठेवणारं बटण दाबायचं नाही. कटर विटेत अडकला तर मशीन सगळी ताकद मनगटाकडे फिरवतं. बटण दाबलेलं नसेल तर बोट सुटताच थांबतं.

इतक्या भुकटीत मास्क नाकाशी घट्ट दाबलेला पाहिजे, बाहेर येणाऱ्या ढगात वाळूची सिलिका असते. ती फुफ्फुसात बसली की परत निघत नाही, त्याला औषध नाही. पहिली काही वर्षं मी तोंडाला नुसता रुमाल बांधायचो. आता रात्री खोकला आला की ती वर्षं आठवतात.

संध्याकाळी ५:१५, चितळे रोड

२०२४ मध्ये नगर जिल्ह्याचं नाव अहिल्यानगर झालं तेव्हापासून पाट्या बदलायची कामं येतात. आजची एका दुकानाची होती, दर्शनी भिंत जुन्या घडीव दगडाची. पाटी मोठी, वारा अंगावर घेणारी. मालक म्हणाले, सांध्यात मारा, मऊ आहे, लवकर होईल. सांध्यात जुना चुना असतो, तो फास्टनर आवळला की भुगा होतो. दगडाच्या कडेलाही नको, कपची निघते. दगडाच्या पोटात मारायचं, कडेपासून चांगलं चार बोटं आत. काळा दगड वेळ खातो. थोडं आत जायचं, बिट बाहेर काढायचा, गार होऊ द्यायचा, सायकलच्या पंपाने भोक फुंकून साफ करायचं, पुन्हा आत. भोकात भुकटी राहिली तर फास्टनर भुकटीला धरतो, दगडाला नाही. चार भोकांना पाऊण तास लागला. शिडीचा पाय पोराने धरला होता आणि पूर्ण वेळ सोडला नाही, रस्त्याने तेवढ्यात वरात गेली तरी.

माझ्या पेटीतली निम्मी कामं दारांची असतात: कडी, कोयंडा, लॅच, दुर्बीण. परतताना पोराने विचारलं, शिंगणापुरात हे काम कोण करतं? आपल्याच जिल्ह्यातलं गाव, परंपरेने घरांना चौकट असते आणि दार नसतं. मी तिथे एकदा फडताळ लावायला गेलो होतो. चौकटीच्या लाकडात एकही भोक नव्हतं. इतकी अखंड चौकट मी दुसरीकडे पाहिली नाही, बराच वेळ तिच्यावरून हात फिरवत होतो.

रात्री ९

बिट पुसून, तेलाचा हात देऊन कप्प्यात. मशीनच्या जाळीतली भुकटी ब्रशने झाडली, लाल, करडी, आणि वाड्यातली पांढरी, तिन्ही कागदावर एकत्र पडल्या. आठच्या दोन बिटची धार गेलीय, उद्या नवीन घ्यायचे.

तेवढ्यात फोन. प्रोफेसर कॉलनीतल्या एका मावशी.

"दादा, फक्त एक भोक आहे. घड्याळ लावायचंय. पाच मिनिटांचं काम, शेजारचा मुलगा मशीन घेऊन आलाय, त्याने मारलं तर चालेल ना?"

"मावशी, घड्याळाच्या खाली काय आहे?"

"खाली काही नाही. म्हणजे बोर्ड आहे लाइटचा."

"त्याला जरा थांबवा. घरात इन्व्हर्टर आहे?"

"आहे की."

"अख्खी भिंत दिसेल असा फोटो पाठवा. मी सांगतो कुठे ते."

फोटो आला. मुलगा स्टुलावर, हातात मशीन, भिंतीवर पेन्सिलची फुली, फुलीच्या बरोबर खाली बोर्ड. मी फोटो मोठा केला, दुसरा बोर्ड कुठे आहे का ते पाहिलं, आणि डावीकडच्या रिकाम्या भागावर बोटाने गोल काढून परत पाठवला. खाली लिहिलं: इथे, दोन हात लांब, मेन आणि इन्व्हर्टर दोन्ही बंद करून. आणि त्याला चष्मा घालायला सांगा.